घोळ, नार्दू आणि कूपर क्रीक : रानातले अन्न कधी तारते, कधी मारते?

#इतिहास #थ्रेड

१/२०
२१ एप्रिल १८६१ची संध्याकाळ. ऑस्ट्रेलियाच्या अंतर्भागातील कूपर क्रीक या नदीच्या काठी तीन खंगलेली माणसे आणि दोन उंट येऊन पोहोचले. चार महिन्यांपूर्वी जिथे साथीदारांना थांबवून ते पुढे गेले होते, तो तळ रिकामा होता. साथीदार त्याच दिवशी सकाळी निघून गेले होते. इतिहासातील ही एक विलक्षण चुकामूक. पण त्याहून विलक्षण गोष्ट पुढे घडली. या तिघांपैकी दोघे सव्वादोन महिन्यांत मरण पावले आणि मरण्यापूर्वीचे कित्येक आठवडे ते रोज पोटभर खात होते.

२/२०
या कहाणीत दोन वनस्पती आहेत. एक मराठी स्वयंपाकघराला चांगली परिचित : घोळ. पावसाळ्यात शेताच्या बांधावर आपोआप उगवणारी, जाड रसाळ पानांची, तांबूस देठांची भाजी. दुसरी नार्दू : चिखलात वाढणारी, चार पानांची, नेच्यांच्या वर्गातील वनस्पती. पहिलीने या माणसांना परत आणले. दुसरीने पोट भरले, पण जीव राखला नाही. असे का झाले, याचे उत्तर मिळायला जवळजवळ सव्वाशे वर्षांहून अधिक काळ जावा लागला.

३/२०
१८६०मध्ये ऑस्ट्रेलियाचा दक्षिण किनारा युरोपीय वसाहतींनी गजबजलेला होता. सोन्याच्या शोधाने मेलबर्न शहर श्रीमंत झाले होते. मात्र खंडाचा मध्यभाग वसाहतवाल्यांच्या नकाशावर कोराच होता. व्हिक्टोरिया वसाहतीतील रॉयल सोसायटीने दक्षिणेकडून उत्तरेच्या समुद्रापर्यंत खंड ओलांडण्याची मोहीम आखली. नेतृत्व रॉबर्ट ओहारा बर्क या आयरिश पोलीस अधिकाऱ्याकडे आले. धाडसाबद्दल त्याची ख्याती होती. वाळवंटी प्रवासाचा अनुभव मात्र त्याच्या गाठीशी नव्हता.

४/२०
या मोहिमेचा एक धागा हिंदुस्थानशी जुळतो. वाळवंटासाठी उंट हवेत म्हणून जॉर्ज लँडेल्स याला हिंदुस्थानात धाडण्यात आले. त्याने खरेदी केलेले उंट कराची बंदरातून जहाजावर चढले. सिंध प्रांत त्या काळी मुंबई इलाख्यात मोडत असे. उंटांबरोबर त्यांची देखभाल करणारे उंटवालेही मेलबर्नला आले. त्यांपैकी समला हा हिंदू होता. शिध्यातील मांस धर्माने वर्ज्य असल्यामुळे त्याने सुरुवातीच्या काही दिवसांतच मोहीम सोडली. दोस्त महंमद मात्र शेवटपर्यंत कूपर क्रीकच्या तळावर राहिला.

५/२०
२० ऑगस्ट १८६० रोजी मेलबर्नच्या रॉयल पार्कमधून मोठ्या गर्दीच्या साक्षीने मोहीम निघाली. १९ माणसे, दोन डझनांहून अधिक उंट, २३ घोडे आणि सुमारे २० टन सामान. हा पसारा ओढता ओढता चाल मंदावली. भार हलका करण्यासाठी वाटेत बालरानाल्ड येथे काही सामान सोडण्यात आले. त्यात लिंबाचा रसही होता. लिंबाचा रस म्हणजे त्या काळातील दीर्घ प्रवासाचे औषध. स्कर्व्ही या रोगाने हिरड्या सुजतात, जुन्या जखमा उघडतात आणि माणूस झिजून मरतो. तो लिंबाने टळतो, हे ब्रिटिश नौदलाला ठाऊक होते. का टळतो, हे मात्र कोणालाच ठाऊक नव्हते.

६/२०
नोव्हेंबरमध्ये कूपर क्रीकला तळ पडला. १६ डिसेंबर १८६० रोजी बर्कने चौघांची तुकडी पुढे काढली : स्वतः बर्क, भूमापक विल्यम जॉन विल्स, जॉन किंग आणि चार्ल्स ग्रे. सहा उंट, एक घोडा आणि तीन महिन्यांचा शिधा. मागे विल्यम ब्राहे आणि त्याच्या हाताखाली तिघे राहिले. फेब्रुवारी १८६१मध्ये पुढची तुकडी कार्पेंटारियाच्या आखाताजवळ पोहोचली. खारे पाणी आणि तिवरांचे दाट रान लागले. खुला समुद्र काही दिसला नाही. तिथूनच ते मागे फिरले. शिध्याचा मोठा भाग तोवर संपला होता.

७/२०
परतीचा प्रवास भर पावसाळ्यात झाला. चिखलात उंट रुतत होते. पीठ व सुके मांस मोजून वाटले जात होते. चोरून पीठ खाल्ल्याबद्दल ग्रेला मार खावा लागला. घोडा मारून खाण्याची वेळ आली. मात्र त्याच पावसाने जमिनीवर एक हिरवी भाजीही पसरली होती. विल्सच्या दैनंदिनीत तिचे नाव ‘पोर्टुलॅक’ असे येते. हीच आपली घोळ. वनस्पतिशास्त्रात पोर्तुलाका ओलेरासिया. तिचे या प्रदेशातील जवळचे भाऊबंदही त्याच नावाने ओळखले जात.

८/२०
ही भाजी ते उकडून खात. ती इतकी मुबलक मिळाली नसती, तर आपण कूपर क्रीकपर्यंत परत येऊच शकलो नसतो, अशा आशयाची नोंद विल्सने करून ठेवली आहे. आजच्या ज्ञानाने या नोंदीचा अर्थ उलगडतो. घोळीच्या मांसल पानांत पाणी असते, क्षार असतात आणि स्कर्व्ही रोखणारे ‘क’ जीवनसत्त्वही असते. बर्कच्या तुकडीची वाट जिथे जिथे घोळीने झाकली होती, तिथे तिथे लिंबाच्या रसाची उणीव थोडीफार भरून निघत होती.

९/२०
विशेष म्हणजे तळावर बसून राहिलेल्यांकडे तुलनेने अधिक शिधा होता, तरी त्यांच्यात स्कर्व्हीची लक्षणे दिसू लागली होती. मोहिमेच्या मागून येणाऱ्या तुकडीचेही असेच हाल झाले. त्या तुकडीतील लुडविग बेकर हा चित्रकार-निसर्गअभ्यासक आणि आणखी दोघे वाटेतच मरण पावले. पोती भरलेली असूनही माणसे आजारी पडत होती. अन्नाचे वजन आणि अन्नाचे पोषण या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हा या मोहिमेचा पहिला धडा.

१०/२०
घोळ सुरक्षित ठरली, याचे कारण तिची ओळख. युरोपातही ही भाजी शतकानुशतके बागेत लावून खाल्ली जात असे. नावातील ‘ओलेरासिया’ या लॅटिन शब्दाचा अर्थच मुळी ‘भाजीपाल्याची’ असा आहे. म्हणजे परक्या खंडात या माणसांना एक ओळखीचे पान भेटले होते. ते कसे दिसते, कसे शिजवावे, हे ज्ञान त्यांच्याबरोबर आधीपासूनच होते. ऑस्ट्रेलियाचे मूलनिवासी तर याही पुढे गेलेले होते. पाने आणि मुळे खाण्याखेरीज ते घोळीच्या बारीक काळ्या बिया गोळा करून दगडावर दळत.

११/२०
१७ एप्रिलला ग्रे मरण पावला. त्याला पुरण्यात एक दिवस गेला. त्यानंतर चारच दिवसांनी तिघे तळावर पोहोचले आणि तळ रिकामा आढळला. ब्राहेने ठरलेल्या तीन महिन्यांऐवजी चार महिन्यांहून अधिक वाट पाहून प्रस्थान ठेवले होते. जाताना त्याने झाडावर खूण कोरली आणि खाली शिधा पुरला. हेच ते प्रसिद्ध ‘डिग ट्री’. बर्कने ब्राहेचा पाठलाग केला नाही. नैर्ऋत्येकडे सुमारे २४० किलोमीटरवर असलेल्या माउंट होपलेस येथील वस्तीकडे जाण्याचा त्याचा बेत होता. तो फसला. लांडा आणि राजा हे उरलेले दोन्ही उंट गेले आणि तिघे कूपर क्रीकच्या काठी अडकले.

१२/२०
ज्या जागी हे तिघे उपाशी होते, ती जागा ओसाड नव्हती. तिथे यांड्रुवांडा लोक पिढ्यानपिढ्या राहत होते. त्यांनी या पाहुण्यांना मासे दिले, नार्दूच्या भाकरी दिल्या. ही भाकरी कशापासून होते, हे तिघांना आधी कळले नाही. मे महिन्यात किंगला चिखलाच्या सपाटीवर नार्दूच्या बीजकोशांचा सडा दिसला. आता अन्नासाठी कोणावर अवलंबून राहायला नको, असे त्यांना वाटले. याच सुमारास यांड्रुवांडांशी संबंध बिघडले. सामान उचलून नेले जात आहे असे पाहून बर्कने पिस्तूल झाडले आणि ते लोक दूर झाले.

१३/२०
इथे या कहाणीला कलाटणी मिळते. तिघांना पदार्थ मिळाला होता, कृती मिळाली नव्हती. यांड्रुवांडा स्त्रिया नार्दूचे कठीण बीजकोश भाजत, दगडावर दळत, पाण्यात कालवत. त्याबरोबर मासे आणि इतर अन्न असेच. या तिघांनी बीजकोश गोळा करून आपल्या समजुतीने कुटले आणि त्यावरच दिवस काढले. दळण्याचे श्रमच त्यांच्या ताकदीपलीकडचे होते. विल्सने लिहून ठेवले आहे की नार्दूने भूक भागते, चवही बरी लागते. पण अंगात बळ म्हणून येत नाही. पाय जड होत होते, नाडी मंद होत होती, कपडे घालणेही जड जात होते.

१४/२०
जूनच्या अखेरीस विल्स चालू शकेना. त्याच्याच आग्रहावरून बर्क आणि किंग त्याच्याजवळ काही दिवसांचे नार्दू व पाणी ठेवून यांड्रुवांडांच्या शोधात निघाले. विल्स एकटाच मरण पावला. वय २७. बर्क दोन दिवसांच्या वाटेवर कोसळला. किंगला यांड्रुवांडा भेटले. त्यांनी त्याला आपल्यात घेतले, शिजवलेले अन्न दिले, निवारा दिला. किंग त्यांच्यासाठी पक्षी मारून आणी. एका स्त्रीच्या हातावरच्या जखमेवर त्याने औषधही लावले. १५ सप्टेंबर १८६१ रोजी शोधपथकाला तो सापडला : अत्यंत क्षीण, पण जिवंत.

१५/२०
मग नार्दूत होते काय? १८६१मध्ये या प्रश्नाचे उत्तर देणे अशक्यच होते, कारण जीवनसत्त्वांची कल्पनाच जन्मली नव्हती. ‘ब१’ म्हणजे थायमिन हे जीवनसत्त्व १९२६मध्ये वेगळे काढण्यात आले. १९९४मध्ये जॉन अर्ल आणि बॅरी मॅक्लिअरी यांनी ‘नेचर’ या नियतकालिकात एक मांडणी केली. नार्दूत थायमिन नष्ट करणारे थायमिनेज नावाचे विकर मोठ्या प्रमाणात असते. अशा स्थितीत माणूस पोटभर खातो आणि त्याच्या शरीरातील थायमिन घटत जाते. परिणाम म्हणजे बेरीबेरी : पाय लुळे पडणे, हृदय दुर्बळ होणे, कमालीची थकवाट. विल्सच्या नोंदींशी हे वर्णन बरेच जुळते.

१६/२०
नार्दूवर चरलेल्या ऑस्ट्रेलियातील मेंढ्यांमध्येही थायमिनच्या अभावाचे विकार दिसून आले आहेत. तरीही सगळा दोष एकट्या नार्दूवर टाकणे योग्य ठरणार नाही. उपासमार, स्कर्व्ही, थंडी आणि महिनोन्‌महिन्यांची पायपीट यांचा वाटा मोठा होता. भाजणे, दळणे, पाण्यात कालवणे यांपैकी कोणत्या पायरीने नार्दू किती निर्धोक होते, यावरही अभ्यासकांत मतभेद आहेत. निर्विवाद आहे ते एवढेच : त्याच नदीकाठी, तीच वनस्पती खाऊन एक समाज पिढ्यानपिढ्या जगत होता, आणि ती पद्धत न शिकलेले पाहुणे काही आठवड्यांत खंगून गेले.

१७/२०
असा इशारा ऑस्ट्रेलियाने याआधीही दिला होता. १७७०मध्ये जेम्स कुकचे ‘एंडेव्हर’ जहाज ईशान्य किनाऱ्यावर दुरुस्तीसाठी थांबले. स्थानिक लोकांच्या चुलीजवळ सायकस वर्गातील झाडांच्या बियांची टरफले पडलेली नाविकांना दिसली. ‘ते खातात, म्हणजे आपणही खाऊ शकतो’ असा सोपा तर्क करून काहींनी त्या बिया खाल्ल्या आणि ते उलट्यांनी बेजार झाले. जहाजावरील डुकरांना त्या घातल्या, तेव्हा काही डुकरे मेली. स्थानिक लोक त्याच बिया भिजवून, धुऊन, त्यातील विष काढून टाकल्यावरच खात असत. टरफले दिसली, टरफले पडण्याआधीचे आणि नंतरचे कष्ट दिसले नाहीत.

१८/२०
आता पुन्हा घोळीकडे. ती निर्धोक मानली जाते, तरी तिचेही काही नियम आहेत. तिच्यात ऑक्झॅलेटचे प्रमाण बरेच असते. भुकेल्या गुरांनी एकदम भरपूर घोळ चरल्यास त्यांना विषबाधा होते, हे पशुपालकांना माहीत आहे. मूतखड्याचा त्रास असलेल्यांनी म्हणूनच ती बेताने खावी. न्यूझीलंडमधील संशोधनात असे दिसले की घोळ दह्याबरोबर खाल्ली, तर शरीरात शोषले जाणारे ऑक्झॅलेट घटते. दह्यातील कॅल्शियम त्याला बांधून ठेवते. महाराष्ट्रात घोळीची भाजी ताकात करण्याची रीत आहे. ज्या आज्यांनी ती चालू ठेवली, त्यांना ‘ऑक्झॅलेट’ हा शब्द ठाऊक असण्याची गरजच पडली नाही.

१९/२०
दुसरा नियम ओळखीचा. घोळीसारखीच जमिनीलगत पसरणारी, तांबूस देठांची नायटी किंवा दुधी ही वनस्पती त्याच बांधावर उगवते. फरक साधा आहे. घोळीचे देठ मोडले की त्यातून पाण्यासारखा स्वच्छ रस येतो; दुधीचे देठ मोडले की पांढरा चीक येतो. हा चीक त्वचेला व पोटाला त्रासदायक असतो. घोळीची पाने जाड व गुळगुळीत, दुधीची पातळ. निवडुंगासारख्या दिसणाऱ्या शेर-थोर या वनस्पतींचा पांढरा चीक तर डोळ्यांत गेल्यास गंभीर इजा करतो. रसाळ दिसणारी प्रत्येक वनस्पती खाण्याची नसते. जाणत्या माणसाने दाखवल्याशिवाय रानातले पान तोंडात घालू नये, ही खेड्यापाड्यांतील शिकवण म्हणजे कित्येक पिढ्यांच्या अनुभवाचे सार आहे.

२०/२०
२१ जानेवारी १८६३ रोजी मेलबर्नने बर्क आणि विल्स यांना सरकारी इतमामाने निरोप दिला. शहरात त्यांचे पुतळे उभारण्यात आले, रस्त्यांना त्यांची नावे देण्यात आली. किंगला वाचवल्याबद्दल यांड्रुवांडांना पितळी पदके देण्यात आली. पण त्यांच्या ज्या ज्ञानाने किंग वाचला, त्याची दखल घ्यायला आणखी शंभर वर्षांहून अधिक काळ लागला. या मोहिमेत एकूण सात जण दगावले. त्यांच्याकडे उंट होते, बंदुका होत्या, टनावारी सामान होते. नदीकाठच्या स्त्रियांजवळ एक दगडी पाटा होता आणि नार्दूचे काय करायचे याची माहिती होती. कूपर क्रीकवर जगण्यासाठी त्या माहितीची गरज होती, आणि ती केवळ विचारल्यानेच मिळणार होती.

#समाप्त